संहितेच्या दोन ओळींमधली जागा

राज्य नाट्य स्पर्धेच्या तालमी सुरू होऊन तीन आठवडे झाले होते. दुसऱ्या अंकातला बाप-लेकीचा प्रवेश चालू होता आणि लेकीचं काम करणारी मुलगी मध्येच अडली. प्रॉम्प्टर काकांनी विंगेतून शब्द दिला, पण तो दोन ओळी खालचा होता. मुलीनं तोच उचलला आणि मधल्या दोन ओळींतला आईचा उल्लेख गळाला. पुढच्या पानावर बाप म्हणतो, "तिचं नाव तू काढलंसच कशाला?" नाव तर कुणी काढलंच नव्हतं. प्रवेश तिथेच थांबला.

काका तालमीनंतर कागद घेऊन माझ्याकडे आले. वाचत असलेल्या ओळीखाली ते स्टीलची पट्टी धरतात. "पट्टी जरा सरकली की गेलं. हे बघ की, ओळीला ओळ चिकटलीय. मला अक्षर दिसत नाही असं नाही गं पोरी, ओळ धरता येत नाही."

त्यांनी बोट ठेवलं तिथे वरच्या ओळीत 'गुरुकृपेनं' होतं आणि बरोबर त्याच्याखाली 'मूर्तींच्या'. 'कृ'च्या ऋकाराचं शेपूट खालच्या वेलांटीत शिरलं होतं आणि अनुस्वाराचा टिंब दोघांच्या मध्ये दडला होता. बॅटरीच्या उजेडात तो एक काळा गोळा दिसत होता. हा कागद माझ्याच प्रोग्रामातून छापून निघालेला होता, त्यामुळे मला ते फार लागलं.

मी दिवसा सांगलीच्या विश्रामबागेतल्या एका छोट्या कंपनीत वेब डेव्हलपर आहे आणि संध्याकाळी आमच्या हौशी नाट्यसंस्थेचं पडेल ते काम करते. दोन वर्षांपूर्वी संस्थेसाठी मी संहिता लिहायचं एक वेब-ॲप बनवलं. त्याआधी एकाच नाटकाच्या पाच-पाच फायली वॉट्सॲपवर फिरायच्या. दिग्दर्शक ताईंनी कापलेला संवाद नटाच्या कागदावर तसाच असायचा आणि प्रकाशयोजना करणाऱ्याकडे तिसरीच प्रत. आता सगळे एकाच ठिकाणी लिहितात, तिथूनच छापतात. लिहायच्या चौकटीसाठी मी क्विल नावाचा मुक्त स्रोत एडिटर वापरला. त्यात ठळक, तिरकं, शीर्षक, यादी, रंग असं सगळं तयार मिळतं. ओळींमधलं अंतर कमी-जास्त करायचं बटण मात्र त्याच्या टूलबारमध्ये नाही. मजकुरावर आज्ञा चालवायची ब्राउझरची जुनी सोय म्हणजे एक्झेककमांड. तिच्यातही ठळक करायला, मजकूर मधोमध आणायला आज्ञा आहेत, या कामासाठी आज्ञाच नाही. त्यामुळे ते आपणच जोडायचं.

क्विलच्या नेहमीच्या 'स्नो' थीममध्ये लिहायच्या जागेची लाइन-हाइट (ओळीची उंची अक्षराच्या किती पट, तो आकडा) १.४२ आहे, म्हणजे १६ पिक्सेलच्या अक्षराला साधारण पावणेतेवीस पिक्सेलची ओळ. रोमन लिपीला एवढं पुरतं. आपल्या लिपीत शिरोरेषेच्या वर रफार, वेलांटी, मात्रा आणि अनुस्वार एकावर एक बसतात, तर खाली उकार, ऋकार आणि 'ट्ठ', 'ड्ढ' अशी उभी जोडाक्षरं लोंबतात. दोन वर्षं मी तो आकडा जसा आला तसाच ठेवला होता. शहर सांगली, जिथे ५ नोव्हेंबर १८४३ ला विष्णुदास भावे यांनी 'सीतास्वयंवर' केलं आणि ज्या दिवशी आपण रंगभूमी दिन पाळतो, त्या गावातल्या नटाच्या हातात मी न वाचता येणारी संहिता दिली होती. तेव्हा हे काम स्पर्धेच्या आधी आणि नीटच करायचं, असं मी ठरवलं.

काका उमेदीत छपाईचे खिळे, म्हणजे शिशाची सुटी अक्षरं, जुळवायचे. गावभागातल्या एका छापखान्यात ते कंपोझिटर होते. दुसऱ्या दिवशी चहाला बसलो तेव्हा त्यांनी मला ओळींमधलं अंतर समजावलं. एक ओळ जुळवून झाली की तिच्याखाली शिशाची पातळ पट्टी सारायची, मग पुढची ओळ. जाड पट्टी घातली की मजकूर मोकळा, पातळ घातली की दाट, आणि मजकूर पानात मावेना झाला की मालक आधी पट्ट्या काढायला लावणार. इंग्रजीत या अंतराला 'लेडिंग' म्हणतात ते या शिशावरूनच. इथून जवळच किर्लोस्करवाडीला १९२० साली 'किर्लोस्कर खबर' सुरू झालं. तेव्हापासून या भागात खिळ्यांवर काम करणारी माणसं होती आणि काका त्यांतल्या शेवटच्या पिढीतले. ते म्हणाले, "पट्टी अक्षराला नसते, ओळीला असते." हे वाक्य मी तेव्हाच नीट ऐकलं असतं तर माझे चार दिवस वाचले असते.

पहिला प्रयत्न मी घाईत केला. निवडलेला परिच्छेद शोधायचा आणि जावास्क्रिप्टनं त्याच्या स्टाइलमध्ये थेट लाइन-हाइट लिहायची. पडद्यावर ओळी लगेच सुट्या झाल्या. जतन केलं, पुन्हा उघडलं, सगळं पूर्ववत. क्विल एचटीएमएल, म्हणजे ब्राउझरला दिसणारी पानाची मांडणी, जतन करत नाही. त्याच्याकडे 'डेल्टा' नावाची स्वतःची नोंदवही असते आणि तिला जे माहीत नाही ते तिच्यात येत नाही. अंतर टिकवायचं तर क्विलला ते आधी शिकवायला हवं. त्यासाठी त्यात 'ॲट्रिब्यूटर' नावाची सोय आहे: गुणधर्माचं नाव सांगायचं, कोणत्या किमती (म्हणजे आकडे) चालतील ते सांगायचं आणि तो कुठे लागू होतो ते सांगायचं.

या 'कुठे'पाशी मी चुकले. फाँटचा आकार आणि रंग अक्षरांना लागतात, तसंच हेही लागेल असं धरून मी त्याची व्याप्ती 'इनलाइन', म्हणजे ओळीतल्या तुकड्यापुरती, ठेवली. मग विचित्र दिसू लागलं. परिच्छेदातली दोनच वाक्यं निवडली तर तेवढ्याच ओळी ताणल्या जायच्या, बाकीच्या तशाच. सैल करता यायचं, पण घट्ट करायला गेलं की काहीच व्हायचं नाही. दीड तास मी त्या 'घट्ट'शी झगडले. कारण सीएसएसमध्येच, म्हणजे पानाचं रूप ठरवणाऱ्या भाषेतच, होतं. ओळीची किमान उंची परिच्छेद ठरवतो. आतल्या तुकड्याची लाइन-हाइट जास्त असेल तर ती ओळीला वाढवू शकते, कमी असेल तर ओळीला खाली आणू शकत नाही. परिच्छेदानं घातलेली पट्टी अक्षराला काढता येत नाही. काकांनी हेच तर सांगितलं होतं.

व्याप्ती 'ब्लॉक', म्हणजे अख्ख्या परिच्छेदाची, केली आणि डेल्टा उघडून पाहिला. तिथे जे दिसलं ते मला आजही सुंदर वाटतं. संवादाचा मजकूर एका नोंदीत साधाच होता. अंतराची नोंद होती त्यापुढच्या, परिच्छेद संपवणाऱ्या एंटरच्या चिन्हाजवळ: घालायचं ते नवी ओळ, गुणधर्म लाइनहाइट, किंमत १.८. कंपोझिटर ओळ संपवून पट्टी सारतो, तशीच क्विल परिच्छेद संपवून अंतराची नोंद करतो. एंटर दाबून नवा परिच्छेद सुरू केला की तीच किंमत पुढे जाते, म्हणून नटाचे सलग संवाद लिहिताना दरवेळी पुन्हा निवडावं लागत नाही. कंट्रोल-झेड दाबलं की अंतरही परत फिरतं, कारण आता ते क्विलच्या इतिहासाचा भाग आहे.

टूलबारमध्ये यादी जोडली तेव्हा ती उघडायची, पण आत चार कोऱ्या पट्ट्या. शीर्षक, फाँट आणि आकार यांच्या याद्यांना क्विलची सीएसएस नावं पुरवते, आपण केलेल्या यादीला आपणच पुरवायची. प्रत्येक पर्यायाचं नाव क्विलनं 'डेटा-लेबल'मध्ये ठेवलेलं असतंच, ते सीएसएसच्या 'बिफोर' या छद्म-घटकात (घटकाच्या मजकुराआधी दिसणाऱ्या जागेत) दाखवायचा एक नियम लिहिला की झालं. तेवढं पाच मिनिटांचं काम.

यानंतरची चूक मात्र मी विसरणार नाही.

यादीत मी चार किमती ठेवल्या होत्या: १.४, १.६, १.८ आणि २.०. पहिल्या तीन व्यवस्थित चालायच्या. २.० निवडलं की पडद्यावर ओळी ऐसपैस व्हायच्या, पण यादीच्या डोक्यावर ते नाव उमटायचं नाही, आणि जतन करून उघडलं की परिच्छेद पहिल्यासारखा दाट. ताईंना नेमकं तेच हवं होतं, कारण त्या तालमीत ओळींमध्ये हालचाली लिहितात. त्यांनी एक अख्खा अंक २.० करून ठेवला आणि सकाळी उघडला तर काहीच नाही. त्यांचा फोन आला तेव्हा त्या रागावल्या नव्हत्या, पण दमलेल्या होत्या. माझ्यामुळे कुणाची रात्र वाया गेली हे मला सहन झालं नाही. त्या दिवशी मी रजा टाकली.

डेल्टात किमतीच्या जागी रिकामी अवतरणं होती. मग मी ब्राउझरच्या कन्सोलमध्ये (कोड थेट चालवून पाहायच्या खिडकीत) हातानं एक परिच्छेद घेतला, त्याला लाइन-हाइट २.० दिली आणि लगेच तीच परत विचारली. उत्तर आलं २. ब्राउझर लिहिलेली किंमत जशीच्या तशी ठेवत नाही, तो ती आपल्या पद्धतीनं लिहून ठेवतो, आणि २.० हे त्याच्या लेखी २ च. क्विल परिच्छेदाकडून किंमत वाचून आणतो आणि चालणाऱ्या किमतींच्या यादीशी अक्षर अन् अक्षर ताडून पाहतो. माझ्या यादीत '२.०' होतं, परत आलं '२', म्हणून त्यानं ते नाकारलं. चारही आकडे दिसायला सारखे दिसावेत म्हणून मी ते शून्य लिहिलं होतं. शून्य खोडलं आणि चौथा पर्याय चालू लागला. (याच यादीत किमती अवतरणांशिवाय, आकडे म्हणून लिहिल्या तरी असंच होतं: टूलबारकडून येतो तो मजकूर, यादीत असतो आकडा, आणि जुळत नाही म्हणून काहीच घडत नाही. चुकीची सूचनाही येत नाही.)

आता पर्यायांची नावं. वर्डमध्ये काम केलेल्या सगळ्यांनी मला 'एक', 'दीड', 'दोन' हेच मागितलं. अडचण अशी की वर्डमधलं 'एक' म्हणजे फाँटची स्वतःची नैसर्गिक ओळ, जी अक्षराच्या आकारापेक्षा मोठीच असते, आणि वर्ड २००७ मध्ये तर नव्या दस्तऐवजाला मूळचंच १.१५ असायचं. सीएसएसमधलं १ म्हणजे फक्त अक्षराचा आकार. त्यामुळे आमच्या यादीतलं 'दीड' वर्डच्या 'दीड'पेक्षा घट्ट निघतं. मंगल फाँटच्या ओळी तर मुळातच ऐसपैस, तेव्हा मंगलमध्ये टाइप केलेल्या जुन्या संहितेशी तुलना केली की फरक आणखीच डोळ्यांत भरतो. आकडे दाखवून रोज तेच समजावत बसण्यापेक्षा मी आकडेच काढले. आता यादीत चार शब्द आहेत: घट्ट, नेहमीचं, मोकळं, दुप्पट.

त्या शब्दांमागचे आकडे पडद्यावर ठरवले नाहीत. एकच प्रवेश चार प्रकारे छापला आणि गणपती पेठेतून झेरॉक्स काढून आणला. तालमीच्या हॉलचे दिवे मालवले, काकांना विंगेत त्यांच्या खुर्चीवर बसवलं आणि बॅटरी हातात दिली. १.४२ च्या कागदावर ते दोनदा ओळ चुकले. १.६ वर एकदा पट्टी शोधली. १.८ वर पट्टी खिशातच राहिली. दुप्पटवर ते म्हणाले, "आता लांब झालं. डोळा खाली यायच्या आत वाक्य संपतं." मला हे अपेक्षित नव्हतं. जास्त मोकळं म्हणजे जास्त वाचनीय, असं मी धरून चालले होते. संवाद तुटक असला की दोन ओळींमधली पांढरी जागाच नजरेला अडवते.

पानांचाही हिशेब होता, कारण झेरॉक्सचे पैसे वर्गणीतून जातात. संहिता १.४२ ला ५२ पानांची होती. सगळं १.८ केलं तर ६६ आणि दुप्पट केलं तर ७३. मग ताईंनीच मार्ग काढला: संवाद 'मोकळं', कंसातल्या रंगसूचना 'घट्ट'. त्यानं ६३ पानं झाली, आणि वाचणाऱ्याला सूचना कुठली नि संवाद कुठला हे नुसत्या दाटीवरूनच कळू लागलं. अंतर परिच्छेदाला लागतं म्हणूनच हे जमलं. सगळ्या संहितेला एकच आकडा लावणारी सोपी सोय केली असती तर हे सुचलंच नसतं.

इथे काम संपलं असं वाटलं. मोबाइलवर वाचायचं पान उघडलं तर सगळं पुन्हा दाट! त्या पानाचं एचटीएमएल सर्व्हरवर तयार होतं, आणि कुणी बाहेरून काही घातक चिकटवू नये म्हणून तिथली चाळणी सगळ्या स्टाइल काढून टाकते. चाळणी माझीच आणि तिचं काम ती बरोबर करत होती, म्हणून ती सैल करायची नव्हती. क्विलमध्ये स्टाइलऐवजी क्लास, म्हणजे सीएसएसमधल्या नियमाचं नुसतं नाव, लावणाराही ॲट्रिब्यूटर आहे, तो घेतला. आता परिच्छेदाला आकडा न लागता 'घट्ट', 'मोकळं' अशी क्लासची नावं लागतात, चाळणीला ती चालतात आणि आकडे एकाच सीएसएस फाइलमध्ये राहतात. उद्या फाँट बदलला आणि १.८ चं १.७५ करावं लागलं तर एकच ओळ बदलायची. वर्डमधून चिकटवलेल्या मजकुराबरोबर येणारी अंतरंही त्यामुळे आत शिरत नाहीत. जुन्या सात संहितांमधले आकडे बदलून नावं घातली. त्यात एक रविवार गेला.

वाचायच्या पानावर आणखी एक गोष्ट निघाली. मूळ अंतर मी बाहेरच्या चौकटीला १६० टक्के असं दिलं होतं. प्रवेशाचं लांब शीर्षक दोन ओळींत गेलं की त्या ओळी एकमेकींवर चढायच्या. टक्क्यांत दिलं की ब्राउझर त्या चौकटीपाशीच हिशेब करतो: १६ पिक्सेलचे १६० टक्के म्हणजे २५.६ पिक्सेल, आणि तो तयार आकडाच आतल्या सगळ्यांना वारशात मिळतो. शीर्षकाचं अक्षर ३२ पिक्सेलचं, त्याला ओळ मिळाली २५.६ ची. टक्के काढून नुसतं १.६ लिहिलं की वारशात गुणक जातो आणि प्रत्येक जण आपल्या आकाराला गुणून घेतो. एकक न लिहिणं हा इथे आळस नाही, तेच बरोबर आहे. नव्यानं सीएसएस शिकणाऱ्या प्रत्येकाला मी आता हे सांगते.

छपाईच्या सीएसएसमध्ये मी कधीतरी लाइन-हाइट 'नॉर्मल' करून ठेवली होती आणि फाँटच्या यादीत आधी रोमन, मग देवनागरी असा क्रम होता. आमच्या संहितेत प्रकाशाच्या आणि संगीताच्या खुणा इंग्रजीत असतात. 'नॉर्मल' असताना ब्राउझर ओळीत प्रत्यक्ष वापरलेल्या सगळ्या फाँटची मापं धरतो, म्हणून नुसत्या इंग्रजी ओळी ठेंगण्या आणि मराठी उंच निघत होत्या. आकडा दिला की पहिल्याच फाँटच्या मापानं सगळ्या ओळी सारख्या बसतात. ते 'नॉर्मल' काढलं.

शेवटी वेबवरच्या सुलभतेचे नियमही चाचणीला लावले. २०१८ च्या डब्ल्यूसीएजी २.१ मध्ये असं आहे की वाचणाऱ्यानं ओळींमधलं अंतर अक्षराच्या दीडपट केलं तरी मजकूर कापला जाऊ नये. आमच्या पात्रपरिचयाच्या चौकटींना ठरावीक उंची होती, त्यात शेवटची ओळ अर्धी जात होती. उंची काढून टाकली.

नवीन प्रती मंगळवारी वाटल्या. त्या संध्याकाळी दुसरा अंक सलग झाला. काका खुर्चीवर होते, मांडीवर कागद आणि कानामागे पेन्सिल. मुलगी पुन्हा त्याच जागी अडली. काकांनी शब्द दिला, तिनं आईचं नाव घेतलं आणि बापानं विचारलं, "तिचं नाव तू काढलंसच कशाला?"

तालीम संपल्यावर त्यांचा कागद पाहिला. ओळींमधल्या मोकळ्या जागेत त्यांनी बारीक अक्षरात लिहून ठेवलं होतं: 'इथे श्वास', 'थांब, दे नको', 'ही नेहमी विसरते'. पान उलटून ते म्हणाले, "आता एका माणसाचं बोलणं संपून दुसऱ्याचं सुरू होतं ना, तिथे अजून जरा जागा पाहिजे बघ." ते परिच्छेदांमधलं अंतर, त्याचा ॲट्रिब्यूटर वेगळा. या शनिवारी तो लिहायला घेतेय.